‘सायको’त जिन्यावरून पडणारा तो नट पुढे हिरो का झाला नाही?

तुमचा प्रश्न असा : ‘सायको’मध्ये जिन्यावर मारला जाणारा गुप्तहेर आणि ‘ट्वेल्व्ह अँग्री मेन’मधला ज्युरींचा अध्यक्ष हे दोघं एकच आहेत असं मित्र म्हणतो, ते खरं का? आणि इतका चांगला नट होता, तर तो हिरो का झाला नाही?

मित्राला चहा पाजा, पैज तो जिंकलाय. माणूस एकच, मार्टिन बाल्सम. जन्म ४ नोव्हेंबर १९१९, न्यूयॉर्कचं ब्रॉन्क्स. दुसऱ्या प्रश्नाला मात्र एका ओळीत उत्तर देता येणार नाही, कारण त्यात थोडा माझाही स्वार्थ अडकलाय. मी पंधरा-सोळा वर्षं हौशी नाटकं केली आणि एकदाही नायक झालो नाही. हवालदार, शेजारी, मुलीचा मामा, पोस्टमन. त्यामुळे सिनेमा बघताना माझी नजर आपोआप बाजूला उभ्या असलेल्या माणसाकडे जाते. बोलणाऱ्याकडे सगळेच बघतात. ऐकणारा काय करतोय ते बघायची मला खोड आहे, आणि त्या खोडीपायीच बाल्सम सापडला.

‘ट्वेल्व्ह अँग्री मेन’ (१९५७) घ्या. खटल्यातला आरोपी दोषी की निर्दोष हे ठरवायला बसलेले बारा ज्युरर, एक खोली, भयंकर उकाडा. आपल्याकडे बासू चटर्जींनी त्यावरून ‘एक रुका हुआ फैसला’ केला, तो पाहिला असेलच. त्यातला पंकज कपूर आठवतो, अन्नू कपूरचा म्हातारा आठवतो, के. के. रैना आठवतो. अध्यक्ष कोण होता? अडलात ना? भूमिकाच तशी आहे. हेन्री फोंडाकडे सत्य आहे, ली जे. कॉबकडे संताप आहे; अध्यक्षाकडे काय, तर चिठ्ठ्या. हात मोजायचे, लोकांना जागेवर बसवायचं, घड्या उलगडून एकेका चिठ्ठीवरचं वाचायचं. अशा भूमिकेत बहुतेक नट एकतर भिंतीला चिकटतात, नाहीतर उगाच खोकून-बिकून फुटेज खातात. बाल्सम दोन्ही करत नाही. एका ठिकाणी कोणीतरी त्याच्या ‘सगळं शिस्तीत होऊ द्या’ची टर उडवतो. हा ताडकन उठतो आणि म्हणतो, बसायचंय का इथं, या, सांभाळा तुम्हीच. सोसायटीच्या मीटिंगमध्ये बिनपगारी सेक्रेटरीला कोणी टोमणा मारला की तो जसा रजिस्टर ढकलतो ना, अगदी तसं. रागापेक्षा लागलेलंच जास्त दिसतं. हा माणूस एका शाळेत फुटबॉलचा सहायक प्रशिक्षक आहे. मुख्य नव्हे, सहायक. इथं आयुष्यात एकदा टेबलाच्या टोकाची खुर्ची मिळालीय आणि तिथंही कोणी जुमानत नाही.

मग पाऊस येतो. खिडकीपाशी उभा राहून तो फोंडाला एका सामन्याची गोष्ट सांगतो : सामना हातात होता, पाऊस सुरू झाला आणि सगळं चिखलात गेलं. रडायचाच बाकी होता, म्हणतो. खटल्याशी याचा काडीचा संबंध नाही. पण त्या मिनिटभरात तो माणूस कळतो. गंमत म्हणजे त्याचं मत ‘दोषी’वरून ‘निर्दोष’वर कधी जातं हे सिनेमा तीनदा पाहिलेल्यालाही सांगता येत नाही. बाराव्या ज्युररच्या जोडीने तो हात वर करतो आणि आकडा नऊ-तीन होतो, बस. इतरांच्या मतपरिवर्तनाला क्लोज-अप आहेत, याच्या वाट्याला फक्त मोजणी.

दिग्दर्शक सिडनी ल्यूमेटने चित्रीकरणाआधी दोन आठवडे सगळ्यांची नाटकासारखी तालीम घेतली होती आणि हे त्या मंडळींना नवं नव्हतं. बाल्सम त्याच मुशीतला. जर्मन नाट्यदिग्दर्शक एर्विन पिस्कॅटरच्या ड्रॅमॅटिक वर्कशॉपमध्ये शिकला, युद्धात अमेरिकेच्या हवाई दलात गेला, परत आल्यावर १९४८मध्ये अ‍ॅक्टर्स स्टुडिओ या न्यूयॉर्कमधल्या अभिनयसंस्थेत दाखल झाला. त्याच सुमारास न्यूयॉर्कमध्ये टीव्ही नुकता बाळसं धरत होता. नाटकं थेट प्रक्षेपित होत. रिटेक नाही, वाक्य विसरलं तर समोरच्याने सावरायचं. ‘ट्वेल्व्ह अँग्री मेन’ही मुळात १९५४ साली असंच थेट प्रक्षेपित झालेलं टीव्ही-नाटक, त्यात अध्यक्ष होता नॉर्मन फेल. या टीव्हीला असे नट हवे होते जे येतील, पाठ करतील, दुसऱ्याला क्यू देतील आणि रात्री घरी जातील. देखण्या चेहऱ्यांची गरज नव्हती. पडदा इतका लहान होता की देखणेपण कळायचंही नाही, हे आपलं माझं मत.

आता ‘सायको’ (१९६०). अर्बोगास्ट हा खासगी गुप्तहेर चोरीच्या पैशाच्या मागावर मोटेलमध्ये येतो. तिथं त्याची आणि मोटेलवाला झालेल्या अँथनी पर्किन्सची जी जुगलबंदी होते ती जिन्याच्या प्रसंगापेक्षा मला मोठी वाटते. पर्किन्स काहीतरी चघळत उत्तरं देतोय, अडखळतोय, आणि बाल्सम एक शब्दही चढ्या आवाजात बोलत नाही. विम्याचा एजंट विचारतो तसं विचारतो. रजिस्टर मागतो. त्यातल्या सहीशी आपल्याजवळची अक्षरं ताडून बघतो. पर्किन्सचं वाक्य पुरं व्हायच्या आत याचं सुरू होतं, याचं संपायच्या आत त्याचं. एकाचीही लय बिघडली असती तर सगळं कोसळलं असतं. पर्किन्सचा घाम आपल्याला दिसतो तो बाल्सम इतका गार राहतो म्हणून.

मग तो फोन करतो, परत येतो आणि मोटेलमागच्या मोटेलवाल्याच्या घरात शिरतो. शिरताना हॅट काढतो. परक्याच्या घरात पाऊल टाकणारा सभ्य माणूस! हॅट हातात धरून एकेक पायरी चढतो. या चढण्याची एक गोष्ट दिग्दर्शक हिचकॉकनेच पुढे फ्राँस्वा त्रुफो या फ्रेंच दिग्दर्शकाला सांगितली आहे. एके दिवशी हिचकॉक तापाने आजारी होता, म्हणून सॉल बास या चित्रकाराच्या रेखाटनांबरहुकूम हा प्रसंग दुसऱ्यांनी चित्रित केला : कठड्यावरचा हात, गजांमधून दिसणारे पाय. हिचकॉकने ते तुकडे पाहिले आणि बाद केले. का, तर त्यातून चढणारा माणूसच खुनी वाटत होता. त्याला हवा होता काही ठाऊक नसलेला भला माणूस. मग सरळ, साधा शॉट घेतला. वर पोचल्यावर कॅमेरा एकदम छताला जातो, कारण सुरी घेऊन धावून येणाऱ्या ‘आई’चा, म्हणजे मोटेलवाल्याच्या आईचा, चेहरा दाखवायचा नाही.

पडण्याची युक्तीही ऐकण्यासारखी आहे. आधी माणसाशिवाय नुसता कॅमेरा जिन्यावरून खाली आणून चित्रण केलं. मग ते मागच्या पडद्यावर चालू ठेवून बाल्समला समोर खुर्चीत बसवलं आणि तोल गेल्यासारखे हात हवेत मारायला लावले. म्हणजे सिनेमाच्या इतिहासातलं हे नामांकित पडणं बसून झालेलं आहे. तो प्रसंग परत बघा : पाय पायऱ्यांना लागतच नाहीत, माणूस तरंगत खाली येतो. म्हणूनच तो स्वप्नात पडल्यासारखा वाटतो.

जाता जाता, पर्किन्स आणि बाल्सम पुढे ‘कॅच-२२’ (१९७०) आणि ‘मर्डर ऑन द ओरिएंट एक्सप्रेस’ (१९७४) या दोन सिनेमांत पुन्हा एकत्र आले. पहिल्यात बाल्सम आहे वैमानिकांच्या मोहिमांचा आकडा वाढवतच नेणारा कर्नल. खुर्चीवर बसलेला, पण वरिष्ठांच्या नजरेत भरायला धडपडणारा. ‘ट्वेल्व्ह अँग्री मेन’मधला अध्यक्ष लष्करात गेला असता तर असाच झाला असता.

ऑस्कर त्याला मिळालं ते १९६५च्या ‘अ थाउजंड क्लाउन्स’साठी, आणि तुमच्या ‘हिरो का नाही’चं उत्तर खरं तर तिथंच आहे. जेसन रोबार्ड्स टीव्हीच्या मुलांच्या कार्यक्रमाचं लेखन सोडून घरी बसलेला अवलिया आहे. भाच्याला सांभाळतोय, आणि नोकरी धरली नाही तर सरकारी खात्याची माणसं त्या मुलाला घेऊन जाणार आहेत. प्रेक्षक अर्थात अवलियाच्या बाजूने. बाल्सम त्याचा भाऊ अर्नोल्ड. हा एजंट आहे, संसारी आहे आणि भावाकडे येताना फळं घेऊन येतो. असा भाऊ गोष्टीत कशासाठी असतो ते आपल्याला ठाऊक असतं : हसण्यासाठी. आणि मग शेवटाकडे हा फळवाला भाऊ उभा राहतो आणि सांगतो की मी असामान्य नाही, मला जुळवून घेता येतं, तेवढंच माझ्या अंगात आहे आणि त्यात मी सुखी आहे. अर्नोल्डने जेवढं चांगलं होणं शक्य होतं तेवढा चांगला अर्नोल्ड मी झालो. हे बोलताना तो गयावया करत नाही आणि छातीही काढत नाही. दोन मिनिटांत आपण बाजू बदलतो. नोकरी टिकवून घर चालवणाऱ्या माणसाच्या बाजूने इतकं चोख बोलणं मी दुसऱ्या कुठल्या हॉलिवूडपटात ऐकलेलं नाही. त्या वर्षी स्पर्धेत ‘डॉक्टर झिवागो’मधला टॉम कोर्टनी होता, ‘ऑथेल्लो’मधला इयागो फ्रँक फिनले होता. सोपी निवड नव्हती.

आणि नायक? झाला की. ब्रॉडवेवर १९६८चा टोनी पुरस्कार त्याला मिळाला तो प्रमुख अभिनेत्याचा. ‘ट्वायलाइट झोन’च्या १९६३मधल्या एका भागात तो मध्यवर्ती आहे : मेणाच्या पुतळ्यांच्या संग्रहालयाचा रखवालदार, संग्रहालय बंद पडल्यावर खुन्यांचे पुतळे घराच्या तळघरात आणून जपणारा. त्याच मालिकेच्या १९५९च्या भागात मात्र तो परत बाजूला आहे. जुन्या सिनेमांतच जगणारी तारका झाली आहे आयडा ल्युपिनो आणि हा तिचा एजंट. शेवटी त्याच्या हाती उरतो फक्त तिचा स्कार्फ. तो स्कार्फ ज्या तऱ्हेने तो हातात धरतो, त्यासाठी मी अख्खा भाग दोनदा पाहिलाय.

इटलीनेही त्याला मोठ्या भूमिका दिल्या. दामियानो दामियानीच्या १९७१च्या पोलिसपटात तो माफियामागे लागलेला, कायद्यावरचा विश्वास उडालेला अधिकारी आहे, समोर फ्रँको नीरो. चांगलं काम आहे, पण इटालियन प्रतीत आवाज दुसऱ्याचा, आणि बाल्सममधून आवाज काढला की अर्धा बाल्सम जातो. आवाजावरून आठवलं, कुब्रिकच्या ‘२००१’मधला हॅल हा संगणक आधी बाल्समच्या आवाजात बोलला होता. ध्वनिमुद्रण झालं, मग कुब्रिकला तो फारच अमेरिकन बोलीतला वाटला आणि काम कॅनडाच्या डग्लस रेनकडे गेलं. बरंच झालं म्हणायचं. सिनेमात हॅल अंतराळवीराला यानाचं दार उघडून देत नाही; तो नकार बाल्समच्या आवाजात मिळाला असता तर आपण म्हटलं असतं, बिचाऱ्याला वरून ऑर्डर असेल.

सत्तरच्या दशकातली बाकी कामं भराभर सांगतो. ‘टोरा! टोरा! टोरा!’मध्ये पर्ल हार्बरचा अ‍ॅडमिरल किमेल. ‘ऑल द प्रेसिडेंट्स मेन’मध्ये वॉशिंग्टन पोस्टचा हॉवर्ड सायमन्स. १९७९पासून दोन हंगाम टीव्हीवर ‘आर्ची बंकर्स प्लेस’, त्यात बारचा ज्यू भागीदार. खरं सांगायचं तर ते मला फारसं भावलं नाही. ‘लिटल बिग मॅन’ मात्र चुकवू नका. तो भोंदू औषधविक्या आहे आणि दर भेटीत त्याच्या शरीराचा एकेक भाग कमी झालेला असतो : कान, हात, डोळा, पाय. उत्साह मात्र पहिल्या दिवसाइतकाच! १९६२च्या ‘केप फियर’मध्ये तो पोलिसप्रमुख होता. १९९१ साली स्कॉर्सेसीने तो सिनेमा पुन्हा केला तेव्हा ग्रेगरी पेक आणि रॉबर्ट मिचम यांच्याबरोबर त्यालाही बोलावलं आणि न्यायाधीश केलं.

१३ फेब्रुवारी १९९६ला तो रोममध्ये वारला. मुलगी टालिया बाल्सम हीसुद्धा अभिनेत्री. ‘मॅड मेन’ पाहिली असेल तर रॉजर स्टर्लिंगची आधीची बायको ती हीच. १९८९ ते १९९३ तिचा नवरा जॉर्ज क्लूनी होता, म्हणजे आपले बाल्सम काही काळ क्लूनीचे सासरे. मित्राला पुढची पैज यावर लावायला सांगा.

कुठून सुरुवात करायची असेल तर ‘द टेकिंग ऑफ पेलहॅम वन टू थ्री’ (१९७४, जुनाच बघा, नवा नको) लावा. न्यूयॉर्कची भुयारी रेल्वे पळवणाऱ्या चौघांपैकी तो एक. नोकरीवरून काढलेला मोटरमन, सर्दीने बेजार. सिनेमाभर शिंकतोय, आणि रेडिओवर पलीकडे बसलेला वॉल्टर मॅथाऊ ते ऐकतोय. शेवटची दहा मिनिटं फोन बाजूला ठेवा. घरात बाल्सम एकटा आहे, पैसे लपवायचे आहेत आणि दारावर थाप पडते. पुढचं सांगत नाही.