मुलं माझ्याकडे बघतही नाहीत, मी चुकीच्या फील्डमध्ये आलेय का?

प्रश्न: ताई, मी स्पेशल एज्युकेशनचा डिप्लोमा करतेय, पहिलं वर्ष. सध्या पुण्यात एका स्पेशल स्कूलच्या छोट्या गटात प्लेसमेंट चालू आहे, चार ते सहा वर्षांची मुलं, बहुतेक ऑटिझमवाली, दोघं डाउन सिंड्रोमची. बाईंनी सांगितलं की बसतात, मी सांगितलं की कुणी ढुंकून बघत नाही. परवा प्रार्थनेला स्पीकर लागला आणि एक जण कान दाबून किंचाळायला लागला, मी नुसती उभी. कॉन्फिडन्सच गेलाय. काय करू?

उत्तर: अगं, बाई त्यांना रोज भेटतात, तू आत्ता आलीस, मग कसं ऐकतील? सगळा वर्ग सांभाळायचं डोक्यातून काढ. बाईंना विचारून एकच मूल घे, त्याचा आयईपी, म्हणजे खास त्याच्यासाठी बनवलेला शिकवण्याचा प्लॅन, वाच आणि तो काय करतो ते नुसतं बघ, त्याला काय आवडतं, कशाने बिथरतो, हवं ते कसं मागतो, आणि वहीत लिही, आधी काय घडलं, त्याने काय केलं, मग काय झालं. तो गाडीची चाकं फिरवत असेल तर शेजारी बसून तूही फिरव, बोलू नकोस. आपण नवीन असलो की फार बोलतो. "बस ना, बस रे राजा, इकडे बघ" एवढं सगळं एका दमात आलं की त्याला त्यातलं काय पकडायचं तेच कळत नाही. "बस" म्हण, खुर्ची दाखव आणि मनात दहापर्यंत मोज, खूप मुलांना तेवढा वेळ लागतोच. आधी काम मग खेळ अशी दोन चित्रं समोर ठेवलीस तर अजून सोपं. डाउनवाल्यांशी मात्र समोर बसून बोल, त्यांच्यात कमी ऐकू येण्याचं प्रमाण बरंच असतं, आणि ऐकलेल्यापेक्षा बघितलेलं त्यांच्या जास्त लक्षात राहतं.

परवाचं म्हणशील तर तो हट्ट नव्हता, आवाज सहन झाला नाही. अशा वेळी समजावत बसायचं नाही, स्पीकर बंद करायचा नाहीतर त्याला शांत कोपऱ्यात न्यायचं, आणि लागेल असं काही जवळ असेल तर बाजूला सरकवायचं. उद्या प्रार्थनेआधीच त्याला दाराजवळ बसवू का, हे बाईंना विचार. विचारलं म्हणून कुणी मार्क कापत नाही, उलट बरं वाटतं त्यांना.

आणि डब्याच्या वेळी मावशींजवळ बस, कुणाला भात कोरडा लागतो, कोण शू आली की पाय आपटतो, हे फाइलमध्ये नसतं, त्यांना पाठ असतं. ओढणी मात्र घरी ठेवून जा, ओढतात.