काराध्रासवरचे वादळ नेमके कोणाचे?

प्रश्न : 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'वरचा पहिला चित्रपट मी अनेकदा पाहिला आहे. त्यात काराध्रास पर्वतावरचे हिमवादळ सारुमान हा जादूगार आपल्या मनोऱ्यावरून मंत्र म्हणून उठवतो. नुकतीच मूळ कादंबरी वाचली, तेव्हा त्या प्रसंगात सारुमान कुठेच सापडला नाही. मग हे वादळ आणते कोण? त्या पर्वतरांगेतच काही जादू आहे, असे समजायचे का? ही रांग लेखकाला सुचली कशी, हेही जाणून घ्यायला आवडेल.
– एक वाचक, नाशिक

उत्तर : आपले वाचन अचूक आहे. सारुमानला त्या वादळाचा कर्ता ठरवले ते २००१ सालच्या चित्रपटाने. टॉल्किन यांच्या कादंबरीत, म्हणजे १९५४ साली प्रसिद्ध झालेल्या पहिल्या खंडात, हा प्रश्न पात्रांच्याच तोंडी येतो आणि त्याला एक ठाम उत्तर मिळत नाही. बर्फ पडू लागताच, पर्वत ओलांडायला निघालेल्या नऊ जणांपैकी बोरोमिर शंका घेतो की, हे शत्रूचे, म्हणजे कथेतला खलनायक साउरॉन याचे कारस्थान असावे. एवढ्या दूरवर त्याचा हात पोहोचत असेल तर तो फारच लांब झाला म्हणायचा, असे बुटक्यांच्या जमातीतला गिमली म्हणतो आणि तो लांब झालाच आहे, असे त्यांच्यासोबतचा जादूगार गॅन्डाल्फ त्याला सांगतो. पुढे अंधारात वाऱ्यातून विचित्र आवाज येऊ लागतात, कड्यावरून दगड घरंगळतात आणि बोरोमिरला ते दगड आपल्यावर नेम धरून टाकल्यासारखे वाटतात. तेव्हा त्यांच्यातलाच आरागॉर्न म्हणतो की, मी तरी याला वाराच म्हणेन, पण म्हणून तुझे बोलणे खोटे ठरत नाही. दोन पायांवर चालणाऱ्यांशी वैर असणारे, तरीही साउरॉनचे अंकित नसलेले आणि स्वतःचेच काही हेतू बाळगणारे असे पुष्कळ काही या जगात आहे, असे त्याचे म्हणणे. गिमली त्याला लगेच दुजोरा देतो, कारण साउरॉनचे नावही या भागात कोणी ऐकले नव्हते, त्या काळापासून बुटक्यांमध्ये काराध्रासची 'क्रूर' अशी ख्याती आहे.

माझे मत विचाराल तर मला गिमलीची बाजू अधिक पटते आणि त्याला आधार आहे तो दुसऱ्या दिवशीच्या उतरणीचा. रात्रभर गारठलेल्या त्या नऊ जणांची वाट सकाळी बर्फाच्या भल्यामोठ्या ढिगाने अडवलेली असते. बोरोमिर आणि आरागॉर्न छातीने बर्फ फोडत पुढे जातात, तेव्हा असे दिसते की तो ढीग भिंतीएवढाच रुंद आहे आणि त्याच्या पलीकडे बर्फ फारसे नाहीच. सगळे खाली आल्यावर मागे दरड कोसळून वाट बंद होते, आम्ही निघालोच आहोत, आता पुरे कर, असे गिमली पर्वतालाच उद्देशून ओरडतो आणि त्यानंतर पर्वताचा राग शमल्यासारखा होतो. वाटसरूंना ठार मारणे हा हेतू नसून त्यांना परत फिरवणे एवढाच हेतू असावा, असे हे सारे वर्णन आहे. चित्रपटाने वादळ सारुमानच्या हाती दिले, तेव्हा पडद्यावर समोरासमोरचा सामना उभा राहिला हे खरे, परंतु पर्वत मात्र दुसऱ्याच्या हातातले हत्यार झाला. कादंबरीतला पर्वत स्वतः नकार देतो. म्हणूनच त्याची भीती अधिक खोलवर जाते, असे मला मनापासून वाटते.

पर्वताला हा स्वभाव कुठून आला, याचा एक धागा टॉल्किन यांच्या निधनानंतर १९७७ साली प्रसिद्ध झालेल्या 'द सिल्मारिलियन'मध्ये सापडतो. या रांगेचे एल्फ या अमर लोकांच्या भाषेतले नाव हिथाएग्लिर, म्हणजे धुक्याचे मनोरे. साउरॉनचा धनी असलेल्या मेल्कोरने ही रांग उभारली ती ओरोमे या देवतुल्य शिकाऱ्याच्या घोडदौडीला अडथळा व्हावा म्हणून. पुढे पश्चिमेकडे निघालेले एल्फ या रांगेसमोर आले, तेव्हा त्यांच्यातला एक मोठा समूह ती ओलांडायला न धजता नदीकाठाने दक्षिणेला वळला आणि एका लोकसमूहाचे कायमचे दोन भाग झाले. वाट अडवणे हे या पर्वतांचे मूळ कामच होते, हे लक्षात घेतले की काराध्रासचा हट्ट समजू लागतो, जरी लेखकाने हा संबंध त्या प्रसंगात कुठेही उघड करून सांगितलेला नाही.

काराध्रासने वाट नाकारली म्हणून सगळ्यांना मोरियाच्या, म्हणजे पर्वताखालच्या बुटक्यांच्या जुन्या राज्याच्या भुयारांतून जावे लागते. तिथला धोका वेगळ्या जातीचा आहे. मिथ्रिल या मौल्यवान धातूच्या मागे लागून बुटक्यांनी इतके खोल खणले की तळाशी दडलेला बालरॉग नावाचा अग्निराक्षस जागा झाला. त्याने त्यांच्या राजाला मारले आणि वर्षभरात राज्य ओस पडले.

रांग सुचली कशी, या आपल्या शेवटच्या प्रश्नाचे उत्तर खुद्द टॉल्किन यांनीच देऊन ठेवले आहे. १९११ सालच्या उन्हाळ्यात, वयाच्या एकोणिसाव्या वर्षी, ते एका गटाबरोबर स्वित्झर्लंडमध्ये पायी फिरले होते. 'द हॉबिट'मध्ये, म्हणजे १९३७ सालच्या पुस्तकात, कथानायक बिल्बो हे पर्वत ओलांडतो आणि घसरत्या दगडांवरून खालच्या पाइन वृक्षांच्या रानात येऊन पडतो, तो भाग त्या भटकंतीवर आधारलेला असल्याचे त्यांनी आपला मुलगा मायकेल याला पत्रात लिहिले. काराध्रासशेजारचे केलेब्दिल हे शिखर, ज्याच्या नावातच चांदी आहे, त्यांना स्वित्झर्लंडमधल्या युंगफ्राऊजवळच्या झिल्बरहॉर्न या शिखरात दिसले होते. तिथल्याच 'आलेच' नावाच्या हिमनदीजवळच्या अरुंद वाटेवर उन्हाने बर्फ वितळू लागले, तसे त्यात अडकलेले दगड सुटून वरून येऊ लागले आणि त्यांतला एक मोठा दगड टॉल्किन आणि त्यांच्या पुढे चालणाऱ्या वयस्क शिक्षिका यांच्यामधून, त्यांच्या गुडघ्यांपासून जेमतेम फूटभर अंतरावरून, दरीत गेला. बोरोमिरला नेम धरून टाकल्यासारखे वाटलेले दगड वाचताना मला दर वेळी तो दगड आठवतो.