कॉलेज फुटबॉलच्या जुन्या क्लिपमधून प्रेक्षकाला स्वतःला काढून टाकता येतं का?

अमेरिकेत शिकताना तुमचा भाऊ फुटबॉलच्या (अमेरिकन, बॉल हातात धरून पळायच्या) मॅचला गेला, प्रेक्षकांत रडताना टीव्हीवर दिसला आणि ती क्लिप अजून फिरतेय, ती काढता येईल का, असं विचारलंत. नाद सोडा. चेहरा दाखवायची परवानगी बहुतेक वेळा तिकिटाच्या अटींतच दिलेली असते, आणि एक क्लिप उडवलीत तरी दुसरा कुणीतरी पुन्हा चढवतोच.

भावाला म्हणावं, तू निदान रडलास. मी हसताना सापडलोय.

१७ ऑक्टोबर २०१५, ॲन आर्बर, म्हणजे आमच्या मिशिगन विद्यापीठाचं गाव. मिशिगन स्टेटविरुद्ध आमचं मिशिगन २३-२१ ने पुढे, १० सेकंद उरलेले, फक्त पंट मारायचा, म्हणजे बॉल लाथेने लांब उडवायचा. पंटरच्या हातून बॉल निसटला आणि त्यांच्या जेलन वॉट्स-जॅक्सनने तो थेट एंड झोनमध्ये, मैदानाच्या टोकाच्या पट्ट्यात नेला. टचडाउन, २७-२३ ने ते जिंकले. लाखाच्या वर माणूस, आणि त्यांचे हिरव्या कपड्यांतले पाठीराखे सोडले तर सगळे चिडीचूप. डोक्यावर हात धरून आ वासलेला आमचा एक विद्यार्थी त्याच रात्री जगभर मीम झाला. त्या मॅचच्या एका क्लिपमध्ये खाली कोपऱ्यात सेकंदभर मी आहे: पिवळी टोपी, दात बाहेर, हात जुळलेले. माझा तेव्हाचा रूममेट, सोलापूरचा, बारसं असो की लग्न, फोन काढून दाखवतो, ‘हा बघा फितूर, टाळ्या वाजवतोय.’ अरे बाबा, गारठ्याने बोटं बधिर झाली होती, हात चोळत होतो! थंडीने ओठ ताणले की दात कुणाचेही दिसतात. क्लिप सावकाश चालवून बघा, तळवे एकमेकांपासून सुटतच नाहीत. न सुटता टाळी वाजते कशी?

हा सगळा टीव्हीवाल्यांचा उद्योग. कोच लोकांसाठी पूर्वी १६ मिमीवर मुक्या फिल्म काढत, उंचावरून, बावीस खेळाडू दिसतील अशा, एक प्ले, म्हणजे खेळाचा एक तुकडा, संपला की कॅमेरा बंद. त्यात प्रेक्षक म्हणजे नुसते ठिपके. टीव्हीला रडका चेहरा लागतो. त्या शेवटच्या धावेत वॉट्स-जॅक्सनचा खुब्याचा सांधा निखळला, ते किती जणांना आठवतं? मीम मात्र सगळ्यांना पाठ.

१९८२ च्या कॅल (कॅलिफोर्निया विद्यापीठ)-स्टॅनफर्ड मॅचमध्ये स्टॅनफर्डचा बँड मॅच संपायच्या आतच मैदानात घुसला आणि टचडाउन करणारा कॅलचा केविन मोएन गॅरी टायरेल या ट्रॉम्बोनवाल्यावर जाऊन आदळला. टायरेलने ते हसून घेतलं. भावालाही तेच सांगा.

हां, भावाचा चेहरा कुणी जाहिरातीत वापरला असेल तर गोष्ट वेगळी. तिथे राज्याराज्याचे कायदे निराळे, वकील गाठा. शाळकरी पोरगं दिसत असेल तर कळवून बघा, कधीकधी ऐकतात.

आणि सोलापूरकर, वाचत असशील तर एवढंच सांग: तू त्या दिवशी असाइनमेंट आहे म्हणून घरी सोफ्यावर होतास की नाही?