पूर्वीचा श्रोता आणि आजचा मोबाईलवाला, फरक काय?

प्रश्न होता, माध्यमं बदलली पण प्रेक्षक-श्रोता खरंच बदलला का? हो, बदलला. मला सगळ्यात मोठा बदल वाटतो तो म्हणजे सोबत बसून ऐकणं-बघणं गेलं.

आमच्या सांगलीत १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी ‘सीतास्वयंवर’ केलं, तेव्हा नाटक बघायचं तर जमूनच बघावं लागे. वर्तमानपत्रं आली तरी वाचता येणारे मोजके, म्हणून एक वाचायचा आणि बाकीचे ऐकायचे.

रेडिओच्या काळातली एक गोष्ट फार कमी जणांना ठाऊक असते. १९५६ मध्ये पुणे आकाशवाणीने युनेस्कोच्या मदतीने सुमारे दीडशे गावांत श्रोता-गट बसवले. शेतीचा कार्यक्रम ऐकायचा, त्यावर चर्चा करायची, शंका केंद्राला कळवायच्या. पुढे रेडिओवरून उत्तरं मिळायची. म्हणजे श्रोता उलट बोलू लागला तो मोबाईलच्या कितीतरी आधी! १९६३ मध्ये सांगलीलाही स्वतःचं केंद्र मिळालं, आणि आपल्या भागातलं बोलणं रेडिओवर आलं.

टीव्हीने सुरुवातीला माणसं जमवलीच. १९८७ च्या ‘रामायणा’ला अख्खी आळी एका घरात बसायची. मग केबल आली, पुढे मोबाईल, आणि घरातल्या चौघांचे चार पडदे झाले.

आता ऐकणाराच बातमी पाठवतोही. २०१९ च्या महापुरात सांगलीतल्या कृष्णेवरच्या आयर्विन पुलाची पाणीपातळी आम्ही मोबाईलवरच बघत होतो. खरा आकडा आणि अफवा एकाच वेगाने येत होत्या, आणि निवडायला शेजारी कुणी बसलेलं नव्हतं.