आधी तीस माणसं जमवा, मग महोत्सव

तुम्ही विचारलंत की मुंबईतली नोकरी सोडून मालवणात स्वतःचा चित्रपट महोत्सव सुरू केला तर फेस्टिव्हल डायरेक्टर म्हणून पोट भरेल का. सिंधुदुर्गात चौदा वर्षं हेच करतोय, म्हणून सरळ सांगतो: नोकरी एवढ्यात सोडू नका.

इफ्फी, म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, सरकारी आहे, केरळचा महोत्सव तिथली चलच्चित्र अकादमी भरवते. अशा ठिकाणी पद आधी असतं, माणूस नंतर येतो. स्वतंत्र महोत्सवात पदही आपणच निर्माण करायचं आणि सुरुवातीला खिशातले पैसेही घालायचे. माझं घर चालतं ते सबटायटल्सच्या कामावर, कॉलेजांमधल्या कार्यशाळांवर आणि इतर महोत्सवांना चित्रपट निवडून देण्यावर. आमच्या महोत्सवातून मी पहिलं मानधन घेतलं ते सातव्या वर्षी. लग्न, कर्ज, आईवडिलांची औषधं हे सगळं मांडून मगच ठरवा.

सुरुवात फिल्म क्लबने करा. ही वाट जुनी आहे. कलकत्ता फिल्म सोसायटी 1947 ची, मुंबईचं प्रभात चित्र मंडळ 1968 चं. शाळेचा हॉल, महिन्याला एक चित्रपट आणि नंतर अर्धा तास गजाली. तीस माणसं वर्षभर न चुकता आली, तर महोत्सवाचं बोला. आपल्याकडचा प्रेक्षक रात्रभर दशावतार बघतो, त्याला लांबीचा कंटाळा नसतो. इंग्रजी सबटायटल्स धावायला लागली की तो मागे पडतो. म्हणून परदेशी चित्रपटाआधी मी पाच मिनिटं मालवणीत गोष्टीची सुरुवात सांगतो. शुद्ध सिनेमावाल्यांना हे पटत नाही. मला पटतं, कारण मागच्या रांगेतल्या आज्या शेवटपर्यंत बसलेल्या मी बघितल्यात.

तारखा ठरवताना पाऊस, गणपती, शिमगा आणि आंब्याचा हंगाम सोडून द्या. कार्तिकानंतर जत्रा सुरू होतात, तेव्हा गावोगावच्या जत्रांच्या तारखा काढून मगच दिवस धरा. आम्ही नोव्हेंबरचा शेवट धरला. इफ्फी 2004 पासून गोव्यात होतो, साधारण त्याच सुमारास. तिथे आलेला पाहुणा मडगावहून कोकण रेल्वेने कुडाळला आणायचा, म्हणजे विमानाचं भाडं वाचतं.

सेन्सॉर न झालेले चित्रपट दाखवायचे असतील तर माहिती व प्रसारण मंत्रालयाकडून सूट घ्यावी लागते आणि ते खेळ नोंदणी केलेल्या प्रतिनिधींपुरतेच ठेवायचे असतात. अर्ज खूप आधी करा.

आता एक फजिती सांगतो, कारण या कामाचं खरं स्वरूप त्यात आहे. थिएटरात चित्रपट डीसीपी फाइलने चालतो आणि बहुतेकदा ती फाइल कुलूपबंद असते. तिची किल्ली म्हणजे केडीएम, ती ठरावीक सर्व्हरसाठी आणि ठरावीक वेळेपुरतीच बनते. एका वर्षी थिएटरवाल्यांनी दिवाळीत सर्व्हर बदलला आणि आम्हाला सांगितलंच नाही. सकाळी दहाचा खेळ, हॉल भरलेला आणि पडद्यावर फक्त एरर. किल्ली जर्मनीतल्या लॅबकडून आलेली, ती लॅब उघडणार तिथल्या नऊला, म्हणजे आपल्या दुपारी दीडला. मी पुढे उभा राहून जे झालं ते जसंच्या तसं सांगितलं आणि खेळ तीनला ठेवला. लोक घरी जाऊन जेवून परत आले. त्या चित्रपटाच्या दिग्दर्शिकेला मी त्याच दुपारी फोन करून सगळं कळवलं. तिने पुढचा चित्रपटही आम्हालाच दिला. तेव्हापासून सर्व्हरचा नंबर मी स्वतः जाऊन बघतो आणि प्रत्येक चित्रपट आदल्या रात्री दहा मिनिटं चालवतो.

आणखी एक. प्रवेशिका पाठवणाऱ्या प्रत्येकाला उत्तर द्या, नाकारलेल्यालाही, दोन ओळी का होईना. फी घेऊन गप्प बसणारे महोत्सव पोरांचं मन मोडतात, याचा मला मनापासून राग आहे.

प्रोजेक्टर घेतलात तर पावसाळ्यात त्याची लेन्स सिलिका जेल घालून हवाबंद डब्यात ठेवा, खाऱ्या हवेत बुरशी धरते. हॉलच्या खिडक्यांना काळं कापड लागेल, ते शिलाईवाल्याकडून मापाने शिवून घ्या, पिनांनी टाचलेलं वाऱ्याने उडतं. पडदा मात्र विकत घेऊ नका. माझ्याकडे सोळा फुटी जुना आहे, एका कोपऱ्याला शिवण आहे पण चालतो. क्लबचा पहिला खेळ ठरला की कुडाळला येऊन घेऊन जा.