मुलीसाठी समुद्रवाचक नाव : वाचकांचे प्रश्न आणि उत्तरे

प्रश्न : माझे माहेर रत्नागिरीचे, सासर पुण्याचे. मुलीच्या नावात समुद्र असावा अशी फार इच्छा आहे. एका यादीत ‘वारुणी’ म्हणजे वरुणाची कन्या असे वाचले आणि नाव मनात भरले. ठेवावे का? (कोथरूड)

उत्तर : यादीतला अर्थ खोटा नाही, पण अपुरा आहे. समुद्रमंथनातून लक्ष्मी वर आली तशी वारुणीही आली, आणि ती मद्याची देवता मानली जाते. संस्कृत कोशांत या शब्दाखाली पश्चिम दिशेबरोबर मद्य हाही अर्थ दिलेला असतो आणि जुने वाचन असलेल्या मराठी माणसाला तोच आधी आठवतो. उद्या मुलीने आठवीत संस्कृत घेतले, तर हा अर्थ भर वर्गात तिच्यासमोर येईल. म्हणून मी हे नाव सुचवणार नाही.

त्याऐवजी ‘सागरिका’चा विचार अवश्य करा. सातव्या शतकातील राजा हर्षाच्या ‘रत्नावली’ या नाटिकेची नायिका सिंहलची राजकन्या आहे. तिचे जहाज फुटते, एका फळीच्या आधाराने ती वाचते, आणि समुद्रातून मिळालेली म्हणून कौशांबीच्या राजवाड्यात तिला सागरिका म्हणू लागतात. ‘माझे नाव असे का ठेवले?’ हा प्रश्न प्रत्येक मूल कधी ना कधी विचारतेच, आणि तेव्हा सांगायला अशी गोष्ट हाताशी असणे ही मोठी शिदोरी आहे.

लक्ष्मी ही समुद्राची कन्या, त्यामुळे तिची सिंधुजा आणि अब्धिजा ही नावेही तुमच्या कामाची आहेत. त्यांपैकी ‘सिंधुजा’ जिभेवर सहज बसते. ‘अब्धिजा’तले जोडाक्षर मात्र धाकट्या भावंडांच्या तोंडी वळणार नाही. आणि लहान, नितळ नाव हवे असेल तर ‘मुक्ता’ आहेच. मोती समुद्राचा, आणि नाव ज्ञानदेवांच्या धाकट्या बहिणीचे. मराठी घरात याहून आपले नाव मला तरी सुचत नाही. समुद्राच्या नावांच्या याद्यांत अंबुजा, जलजा आणि तरंगिणी ही नावेही हमखास दिसतात. त्यांतल्या पहिल्या दोन्हींचा रूढ अर्थ कमळाकडे जातो आणि तिसरे नदीचे नाव आहे. नावे गोड आहेत, पण तुम्हाला हवा असलेला समुद्र त्यांत नाही.

प्रश्न : आम्हाला लाटेवरून नाव हवे आहे. ‘लहरी’ कसे वाटते? (बाणेर)

उत्तर : संस्कृतात लहरी म्हणजे लाट, आणि जगन्नाथ पंडितांच्या ‘गंगालहरी’मुळे तो शब्द आपल्या ओळखीचाही आहे. परंतु रोजच्या मराठीत लहरी म्हणजे क्षणात एक आणि क्षणात दुसरे करणारा माणूस, आणि शाळेतल्या बाई हजेरी घेताना हाच अर्थ मुलांच्या कानांवर पडेल. ‘ऊर्मी’ घ्या. तिचा मूळ अर्थ लाटच आहे, आणि मराठीत ती मनातून उसळून येणाऱ्या भावनेलाही म्हणतात, त्यामुळे या नावात दोन्ही अर्थ एकमेकांना शोभून राहतात. निवड पक्की करण्यापूर्वी वडिलांचे नाव आणि आडनाव जोडून ते चार वेळा मोठ्याने म्हणून पाहा, आणि दुसऱ्या खोलीतून हाक मारूनही पाहा.

प्रश्न : पत्रिकेत शततारका नक्षत्र आले असून आजेसासूबाई ‘सा’ या अक्षरावर ठाम आहेत. आम्हाला समुद्राचे नाव हवे आहे. दोन्ही जमेल का? (सदाशिव पेठ)

उत्तर : याहून चांगला योग नाही. शततारकेची देवता वरुण, म्हणजे जलाचा आणि समुद्राचा अधिपती, आणि तिच्या चार चरणांची अक्षरे गो, सा, सी, सू अशी आहेत. ‘सागरिका’ ठेवा, आजींचे अक्षरही राहील आणि तुमचा समुद्रही. ज्यांचे अक्षर जुळत नाही, त्यांनी पत्रिकेतले जन्मनाव वेगळे आणि व्यवहारातले नाव वेगळे ठेवण्याची आपली जुनी रीत निःसंकोच पाळावी. बारशाला आत्याने कानात ‘कुर्र’ करून दोन्ही नावे सांगितली, तरी काही बिघडत नाही.

प्रश्न : बारसे सव्वा महिन्याने करणार आहोत आणि नाव अजून ठरलेले नाही. जन्मदाखल्याचे काय? (हडपसर)

उत्तर : घाई करू नका. जन्माची नोंद २१ दिवसांत व्हावी लागते, पण ती नावाशिवायही होते. नोंदणीपासून १२ महिन्यांपर्यंत नाव विनाशुल्क घालता येते आणि त्यानंतर विलंबशुल्क भरून १५ वर्षांपर्यंत. तरी फार लांबवू नये, कारण १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्या मुलांच्या शाळाप्रवेशाला आणि पासपोर्टला जन्मतारखेचा पुरावा म्हणून हाच दाखला लागतो. महापालिकेच्या कार्यालयात जाताना नाव देवनागरी आणि रोमन अशा दोन्ही लिपींत कागदावर स्वच्छ लिहून न्या. ‘ऊर्मी’ ठेवणार असाल, तर पहिला ‘ऊ’ आणि शेवटचा ‘मी’ दोन्ही दीर्घ आहेत, हे दाखला हाती पडताच खिडकीपाशी उभे राहूनच तपासा.