हॅरी बर्न यांच्या एका मतामुळे अमेरिकेत बायकांना मताधिकार मिळाला, हे खरं आहे का?

बरंचसं खरं आहे. ऑगस्ट 1920. बायकांना मताधिकार देणाऱ्या एकोणिसाव्या घटनादुरुस्तीला 48 पैकी 36 राज्यांची मान्यता हवी होती, 35 मिळाली होती. गाडी अडली टेनेसीत. बर्न तिथल्या विधानसभेतले सर्वांत तरुण आमदार, वय 24. कोटाला लाल गुलाब, म्हणजे मताधिकाराच्या विरोधकांची खूण. मान्यतेचा ठराव बाजूला सारण्याच्या प्रस्तावावर त्यांनी विरोधकांनाच साथ दिली. मतं पडली 48-48, म्हणजे तो प्रस्ताव फसला. मग मूळ ठरावावर नाव पुकारलं, आणि लाल गुलाबवाला म्हणाला, ‘होय’!

खिशात आईचं पत्र होतं. फेब बर्न, नायोटा गावची शेतकरीण. सात पानांत घरच्या गप्पा, आणि मध्येच तंबी: मताधिकाराच्या बाजूने मत दे, लोकांना ताटकळत ठेवू नकोस. दुसऱ्या दिवशी हॅरी यांनी सभागृहात सांगून टाकलं, आईचा सल्ला मुलाने ऐकलेलाच बरा. (मत दिल्यावर ते जमावापासून पळून माळ्यावर लपले असंही सांगतात, ती गोष्ट मात्र मला जरा तिखटमीठ लावलेली वाटते.)

अर्थात दक्षिणेतल्या कृष्णवर्णीय बायकांना पुढे कित्येक दशकं मतदान करू दिलंच नाही.

वकिलीची सनद बर्न यांना नंतर, 1923 मध्ये मिळाली. पुढे ते राज्याच्या सिनेटवरही गेले. 1977 मध्ये वारले.